भिलाई : एक गाव आणि त्याचा मुलूख

नागपूरहून हावड्याकडे जाणाऱ्या लोहमार्गावर गोंदिया मागे पडल्यानंतर हळूहळू रान दाट होऊ लागते. सालेकसा आणि दरेकसा ही स्थानके ओलांडून गाडी टेकड्यांच्या रांगेतून व बोगद्यातून पलीकडे उतरते, आणि थोड्याच वेळात डोंगरगडची देवीची टेकडी दृष्टीस पडते. या टेकडीनंतर देखावा एकाएकी पालटतो. दोन्ही बाजूंना जेथवर नजर जाईल तेथवर भाताची खाचरे, मधून मधून तलाव, तलावाच्या काठी पिंपळ आणि त्याआड कौलारू घरांचे गाव. छत्तीसगडचे मैदान म्हणतात ते हेच. भंडारा-गोंदिया भागातील वाचकाला येथे परके असे फारसे काही वाटणार नाही. तो ज्याला बांधी म्हणतो तीच ही खाचरे आणि तो ज्याला आवत्या म्हणतो तीच येथील भाताच्या फेकपेरणीची रीत. श्रावणी अमावास्येला येथेही पोळा होतो. फक्त त्याचे नाव पोरा.

या मैदानात शिवनाथ नदीच्या पूर्वेस, समुद्रसपाटीपासून सुमारे तीनशे मीटर उंचीवर, भिलाई नावाचे एक खेडे होते. रेल्वेचे स्थानक मिळाले एवढेच त्याचे वेगळेपण. पोलादाच्या कारखान्याने हे नाव जगभर नेले, तेव्हा पुष्कळांची अशी समजूत झाली की येथे ओसाड माळाखेरीज काही नव्हते आणि 1955 साली शून्यातून एक नगर उभे राहिले. वस्तुस्थिती निराळी आहे. ज्या खडकावर, पाण्यावर आणि लोहमार्गावर हा कारखाना उभा आहे, त्यांपैकी प्रत्येकाला या मुलखात आधीचा इतिहास आहे, आणि त्यातील बराचसा भाग भाताचा व दुष्काळाचा आहे.

प्रथम जमिनीचा विचार करू. छत्तीसगडचे मैदान म्हणजे अतिप्राचीन काळी समुद्राखाली असलेले एक विस्तीर्ण खोरे होय. त्या समुद्राच्या तळाशी चुनखडक आणि शेल यांचे थर साचले, आणि तेच आज मैदानाखाली जवळजवळ आडवे पसरलेले आहेत. भिलाईच्या उत्तरेस नंदिनी येथे हा चुनखडक उघडा पडतो. दक्षिणेकडे, बालोदच्या पलीकडे, मैदानाची कड संपते आणि याहूनही जुने खडक डोके वर काढतात. दल्ली आणि राजहरा या टेकड्या त्यांतल्याच. त्या हेमॅटाइट या उत्तम लोहखनिजाने भरलेल्या आहेत. गडचिरोलीच्या सीमेलगतच्या डोंगराळ भागातून निघालेली शिवनाथ हा मैदानी भाग ओलांडत उत्तरेस जाते आणि पुढे पूर्वेकडे वळून महानदीस मिळते. तांदुळा आणि खारून या तिच्या उपनद्या. खारून हीच दुर्ग आणि रायपूर या जिल्ह्यांमधील परंपरागत सीमा आहे.

शेतकऱ्याच्या लेखी मात्र भूगोल म्हणजे मातीची चार नावे. सखल भागातील काळी, पाणी धरून ठेवणारी ती कन्हार. पिवळसर, भाताला मानवणारी ती मटासी. या दोहोंच्या मधली ती डोर्सा. आणि उंचवट्यावरची तांबडी, खडेमिश्रित, जीत गवतही धड उगवत नाही ती भाटा. एकाच गावाच्या शिवारात या चारही जाती सापडतात. पाऊस वर्षाकाठी हजार-बाराशे मिलिमीटर पडतो; तो पुरेसा आहे, पण त्यातला बहुतेक चार महिन्यांतच संपतो. सप्टेंबरात पंधरा दिवस ओढ बसली की मटासीतले भात करपते आणि कन्हारातले तगते. म्हणूनच कोणाच्या वाट्याला कोणती माती, हा येथे जगण्यामरण्याचा प्रश्न होता.

त्यावर जुन्या छत्तीसगडने काढलेला तोडगा मोठा विलक्षण होता. त्याला लाखाबाटा म्हणत. काही वर्षांच्या अंतराने गावातील सर्व जमीन एकत्र धरून तिची नव्याने वाटणी होई, आणि ती अशी की प्रत्येक कुळाच्या हिश्शात चांगल्या, मध्यम व हलक्या जमिनीचा तुकडा यावा. परिणामी एकाच शेतकऱ्याची शेते शिवारभर विखुरलेली असत. इंग्रज अधिकाऱ्यांना या पद्धतीचा मनस्वी तिटकारा होता. आज आपल्याकडे असलेले शेत उद्या दुसऱ्याकडे जाणार असेल, तर त्याला बांध कोण घालील, असे ते विचारीत. आक्षेप खोटा नव्हता. पण दुष्काळाचा धोका सर्वांनी वाटून घेण्याचीही ती एक रीत होती, हे त्यांच्या लक्षात आलेले दिसत नाही.

शेतीची पद्धतही या मातीतूनच निघालेली. येथे रोवणीपेक्षा बियासी अधिक रूढ होती. पहिल्या पावसावर भात फेकून पेरायचे, आणि महिन्या-सव्वा महिन्याने खाचरात वीतभर पाणी साचले की उभ्या पिकातूनच हलका नांगर चालवायचा. नवख्या माणसाला हा पिकाचा विध्वंस वाटेल. प्रत्यक्षात त्याने तण गाडले जाते, रोपे विरळ होतात आणि त्यांना नवे फुटवे येतात. मात्र वेळेवर पाणी साचले नाही, तर बियासी होत नाही आणि हंगाम हातचा जातो. भात कापणीला येण्यापूर्वी त्याच ओलीवर लाखोळी फेकण्याची चाल होती. तिला उतेरा म्हणतात.

राजकीय इतिहास थोडक्यात सांगता येईल. मध्ययुगात येथे कलचुरी, म्हणजेच हैहय, राजांची सत्ता होती. पुढे तिच्या रतनपूर व रायपूर अशा दोन शाखा झाल्या. शिवनाथ ही त्यांच्यामधील सीमा, आणि तिच्या उत्तरेस अठरा व दक्षिणेस अठरा गढ, अशी परंपरा आहे. दुर्ग आणि पाटण हे दोन्ही गढ रायपूरकडील अठरांत मोजले जातात. त्या काळाचे सर्वांत चांगले स्मारक भिलाईच्या अगदी जवळ, देवबळोदा येथे आहे. तेथील महादेवाच्या मंदिराला शिखर नाही, पण भिंतींवर शिल्पांच्या रांगाच रांगा आहेत, आणि शेजारी पायऱ्यांचे कुंड आहे. कारखाना पाहावयास येणाऱ्यांपैकी फार थोडे तिकडे फिरकतात.

मराठे येथे आले ते 1741 साली. नागपूरकर रघूजी भोसल्यांचा सेनापती भास्करराम कोल्हटकर याने रतनपूर घेतले, आणि या प्रदेशातील हालचालींसाठी दुर्गच्या मातीच्या किल्ल्याचा तळ म्हणून उपयोग झाला. रघूजींचे पुत्र बिंबाजी 1758 पासून 1787 पर्यंत रतनपूरला राहून कारभार पाहत होते. त्यांच्या काळात मराठी भाषा आणि मोडी लिपी येथील दप्तरांत शिरली. बिंबाजींच्या पश्चात नागपूरहून सुभेदार नेमण्याची पद्धत आली, आणि त्यांचे लक्ष वसुलीपलीकडे फारसे नव्हते. मराठी वाचकाने हेही ध्यानात घ्यावयास हवे. 1854 साली नागपूरचे राज्य खालसा झाले आणि हा मुलूख इंग्रजांकडे गेला. त्यांनी मालगुजारांना गावांचे मालकी हक्क दिले. ज्याला लोक गौंटिया म्हणत, तो गावचा प्रमुख आता कायद्याने गावाचा धनी झाला, आणि लाखाबाट्याची चाल मागे पडत गेली. मालगुजारी संपली ती 1951 साली. दरम्यान 1906 मध्ये रायपूर व बिलासपूर जिल्ह्यांचे भाग तोडून दुर्ग हा स्वतंत्र जिल्हा करण्यात आला.

लोहमार्ग आणि कालवा, या दोन्ही गोष्टींच्या मुळाशी दुष्काळ आणि धान्य आहे. नागपूरहून राजनांदगावपर्यंतचा अरुंद मार्ग 1880 च्या सुमारास सुरू झाला, तो प्रामुख्याने छत्तीसगडचे धान्य बाहेर नेण्यासाठी. 1887 नंतर बंगाल-नागपूर रेल्वेने तो रुंद करून पुढे वाढविला, आणि 1891 पर्यंत बंगालशी जोडला. धान्य बाहेर जाऊ लागले. परंतु 1896-97 आणि 1899-1900 या दोन दुष्काळांत लोक अन्नावाचून मेले. दुसऱ्याला विक्रम संवतावरून छपन्नचा दुष्काळ म्हणतात. त्यानंतर सरकारला पाटबंधाऱ्यांची जाग आली. बालोदजवळ तांदुळा आणि सुखा या प्रवाहांवर धरण बांधण्यात आले. ते 1921 मध्ये पूर्ण झाले. भाताला सप्टेंबरातले पाणी मिळावे, एवढ्याचसाठी ते होते.

लोखंडाचे काय? राजहऱ्याचे खनिज पूर्वापार माहीत होते. आसपासचे लोहार त्याच्यापासून भट्टीत लोखंड गाळीत. प्रमथनाथ बोस या भूवैज्ञानिकाने 1887 मध्ये त्याची शास्त्रीय नोंद केली. पुढची हकीकत नागपुरात घडली. दोराबजी टाटा तेथील संग्रहालयात सहज शिरले असता भिंतीवरच्या भूवैज्ञानिक नकाशात त्यांना या भागात लोहखनिजाचा गडद रंग दिसला. वेल्ड हा अमेरिकन तज्ज्ञ आणि शापुरजी सकलातवाला असे दोघे टेकड्यांवर गेले. पायाखालचा खडक धातूसारखा वाजत होता, असे वर्णन आहे. (हेच सकलातवाला पुढे ब्रिटिश पार्लमेंटात कम्युनिस्ट सभासद म्हणून बसले.) परंतु 1904 साली बोसांनीच टाटांना मयूरभंजच्या खनिजाविषयी कळविले, ते झरियाच्या कोळशाला जवळ होते. पोलादाचा कारखाना साकचीला गेला आणि राजहरा आणखी पन्नास वर्षे तसाच राहिला.

2 फेब्रुवारी 1955 रोजी भारत व सोव्हिएत संघ यांच्यात दहा लाख टन क्षमतेच्या कारखान्याचा करार झाला. त्या वेळी दुर्ग जिल्हा मध्य प्रदेशात होता आणि त्या मध्य प्रदेशाची राजधानी नागपूर होती, हे आज सहसा कोणाच्या लक्षात नसते. स्थळाच्या निवडीत भिलाईच्या बाजूने सर्व काही जुळून आले. दक्षिणेस राजहऱ्याचे खनिज, उत्तरेस नंदिनीचा चुनखडक, दाराशी लोहमार्ग, सपाट जमीन, आणि तांदुळ्याचे पाणी. कोळसा तेवढा दुरून आणावा लागणार होता. 4 फेब्रुवारी 1959 रोजी राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते पहिली झोतभट्टी सुरू झाली. क्षमता 1967 मध्ये पंचवीस लाख टनांवर, आणि पुढे चाळीस लाख टनांवर गेली. देशातील रेल्वेचे रूळ प्रामुख्याने येथेच घडतात.

या कामासाठी नव्वदहून अधिक गावांतील जमीन पूर्णतः वा अंशतः संपादन करण्यात आली. मोबदला रोख होता. जन्मात एवढे पैसे एकदम न पाहिलेल्या कुटुंबांत तो फार दिवस टिकला नाही. काम मात्र भरपूर होते. तरीही स्थानिक शेतकरी प्रारंभी बिचकत होते. भट्टी पेटावयाची तर तिला माणसांचे बळी द्यावे लागतात, अशी वदंता खेड्याखेड्यांतून पसरली होती. इंग्रज मानववंशशास्त्रज्ञ जोनाथन पॅरी यांनी 1993 पासून येथे दीर्घकाळ राहून जो अभ्यास केला, त्यात या आठवणी नोंदलेल्या आहेत. ज्यांनी नुकतीच आपली शेते यंत्रांखाली जाताना पाहिली होती, त्यांना भट्टी माणसे खाते असे वाटावे, यात हसण्यासारखे काही नाही. दरम्यान बिहार, आंध्र, केरळ, पंजाब, उत्तर प्रदेश, विदर्भ अशा ठिकाणांहून माणसे आली आणि बऱ्याच जागा भरून गेल्या. पुढल्या पिढीला कारखान्याच्या नोकरीचे मोल कळले, तेव्हा ती मिळणे दुर्घट झाले होते. 1980 च्या दशकात खाणी धरून कायम कामगार साठ हजारांच्या वर होते. आज ते त्याच्या निम्म्याहूनही पुष्कळ कमी आहेत, आणि कामाचा मोठा भार कंत्राटी मजुरांवर आहे. हाच प्रश्न घेऊन शंकर गुहा नियोगी यांनी 1977 पासून राजहऱ्याच्या खाणकामगारांची संघटना बांधली. 28 सप्टेंबर 1991 च्या पहाटे भिलाईत त्यांची हत्या झाली, आणि 1 जुलै 1992 रोजी पॉवर हाउस स्थानकाच्या रुळांवर बसलेल्या कामगारांवर गोळीबार होऊन अनेक जण मारले गेले.

गावे पुसली गेली असे मात्र नाही. सुपेला, खुर्सीपार, कोहका, जुनवानी, रिसाली, रुआबांधा, मरोदा ही नगराच्या भागांची नावे म्हणजे जुन्या खेड्यांचीच नावे होत. काही ठिकाणी सेक्टरांच्या सरळ रस्त्यांना लागूनच जुने तळे, शीतलेचे देऊळ आणि ठाकुरदेवाचा ओटा आढळतो. गनियारी गावच्या तीजनबाई पंडवानी गात गात देशोदेशी पोहोचल्या, त्याही पोलाद कारखान्याच्या नोकरीत होत्या. ज्या मूळ गावाचे नाव सर्वांना मिळाले, ते मात्र पूर्वेकडे, चरोड्याच्या बाजूस राहून गेले. भिलाई नावाचे रेल्वे स्थानक आजही तेथेच आहे, आणि ती वस्ती भिलाई-3 म्हणून ओळखली जाते. 2011 च्या जनगणनेत दुर्ग-भिलाई नागरी समूहाची लोकसंख्या दहा लाखांवर होती. जिल्हा मात्र लहान होत गेला. 1973 मध्ये राजनांदगाव, आणि 2012 मध्ये बालोद व बेमेतरा वेगळे झाले. त्यामुळे राजहऱ्याच्या खाणी आणि तांदुळ्याचे धरण आता दुर्ग जिल्ह्यात नाहीत.

पाणी अजूनही त्याच वाटेने येते. बालोदकडून निघालेला कालवा भाताच्या शिवारांमधून वाहत येतो आणि मरोद्याच्या जलाशयांत कारखान्यासाठी पाणी ओततो. एकटा तांदुळा पुरेना, म्हणून गोंदली व खरखरा येथे जलाशय झाले, आणि पुढे महानदीवरील गंगरेलचे पाणीही वळविण्यात आले. राजहऱ्याचे खनिज सरत आल्याने आता दक्षिणेस रावघाटच्या डोंगरांकडे लोहमार्ग नेला जात आहे. पावसाने ओढ दिली की कालव्याच्या काठचे शेतकरी धरणात पाणी किती आहे याची चौकशी करू लागतात. कारण बियासी साधण्याचे दिवस मोजकेच असतात, आणि त्याच कालव्यातून कारखान्याचे पाणी वर्षभर जात असते.