रोझीचा गुन्हा कोणता?

१९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ बोलपटाआधीच्या मूकपटांच्या काळात आला आणि त्यातली तारामती अण्णा साळुंके या पुरुषाने केली, हे आपल्याकडे शाळकरी पोरालाही पाठ असते. पण मल्याळम सिनेमाची पहिली नायिका पी. के. रोझी ही पुलया या अस्पृश्य जातीतली होती, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? तिला ठाऊक होऊ दिले नाही, असेच म्हणावे लागेल.

रोझीचे मूळ नाव राजम्मा. गाव त्रिवेंद्रम. त्रावणकोर संस्थानातले हे शहर म्हणजे जातीयतेचे आगरच. तिथे पुलयांना सार्वजनिक रस्त्यावरून चालण्याचीही मनाई होती. गवत कापून पोट भरणाऱ्या या मुलीच्या अंगात मात्र अभिनय होता. शिव-पार्वती भटक्या जमातीच्या वेशात येतात अशी तिथली ‘काक्करिशी’ लोकनाट्ये. पुरुषच बाईचे सोंग घेत त्या काळात रोझी स्वतः त्या रंगमंचावर उभी राहिली.

जे. सी. डॅनियल यांनी स्वतःची जमीन विकून ‘विगतकुमारन’ हा मूकपट काढला आणि नायिका म्हणून रोझीला घेतले. भूमिका होती सरोजिनी या नायर स्त्रीची. इथेच सगळे बिनसले! १९२८ साली (काही अभ्यासकांच्या मते १९३० साली) त्रिवेंद्रमच्या कॅपिटॉल थिएटरात पहिला खेळ लागला. रोझी हजर असेल तर आम्ही येणार नाही, असे प्रतिष्ठितांनी बजावले. म्हणजे जिच्या अभिनयावर चित्रपट उभा, तिलाच दार बंद! पडद्यावर नायकाने तिच्या केसातल्या फुलाचे चुंबन घेताच प्रेक्षक खवळले. पडद्यावर दगड पडले. पुढे तिची झोपडी जाळली गेली. रोझी एका लॉरीतून रातोरात तामिळ मुलुखात निघून गेली. त्या लॉरीचालकाशीच तिने लग्न केले आणि राजम्माळ या नावाने नागरकोइलकडे उरलेले आयुष्य काढले. पुन्हा कॅमेऱ्यासमोर ती कधीच आली नाही.

आम्ही विचारतो, रोझीचा गुन्हा कोणता? अभिनय हा गुन्हा नव्हता. पुलया स्त्रीने रस्त्याकडेला नाच-गाणे करावे, याला कुणाची ना नव्हती. तिने वरच्या जातीच्या स्त्रीची वस्त्रे ल्याली आणि ती तिला शोभून दिसली, हा तो गुन्हा! जात जन्माने अंगाला चिकटलेली असते असे सांगणाऱ्यांसमोर एका पुलया मुलीने सिद्ध केले की नायरपण हे पोशाखासारखे अंगावर चढवता येते. मनुवादाला यापेक्षा मोठा धोका कुठला?

वस्त्रांची ही लढाई एकट्या रोझीची नव्हती. अय्यनकाली यांनी १८९३ साली सवर्णांसारखा पोशाख करून बंदी असलेल्या रस्त्यावरून बैलगाडी हाकली. १९१५ साली पेरिनाडच्या चळवळीत पुलया स्त्रियांनी गुलामीची खूण असलेल्या दगडी मण्यांच्या माळा तोडून फेकल्या. आणि डिसेंबर १९२७ मध्ये महाडला बाबासाहेबांनी आपल्या माय-बहिणींना हेच सांगितले की जात ओळखू येईल असे लुगडे नेसू नका, असे दागिने घालू नका. रोझीचा चित्रपट त्याच काळातला. महाड आणि त्रिवेंद्रम यांत शेकडो मैलांचे अंतर, पण लढाई एकच!

पुढे काय झाले? ‘विगतकुमारन’ची एकही प्रत आज शिल्लक नाही. डॅनियल यांच्या नावाने केरळ सरकारने १९९२ पासून पुरस्कार सुरू केला. रोझी मात्र विस्मृतीतच राहिली. कुन्नुकुळी एस. मणी यांच्यासारख्या अभ्यासकांनी चिकाटीने तिचा शोध घेतला, म्हणून तिचे नाव उरले. २०१३ साली डॅनियल यांच्यावर ‘सेल्युलॉइड’ हा चित्रपट निघाला. त्यातली रोझी भित्री, दबलेली दाखवली, असा आक्षेप दलित अभ्यासकांनी घेतला आणि तो रास्त आहे. रंगमंच गाजवणारी बाई दीनवाणी कशी असेल? आम्हाला दयेची रोझी नको, कलावंत रोझी हवी. पा. रंजित यांच्या नीलम संस्थेने २०२३ साली चेन्नईत तिच्या नावाने चित्रपट महोत्सव भरवला, तो याच भावनेतून.

आता प्रश्न आपला. पठ्ठे बापूरावांचे नाव सर्वांच्या तोंडी. पण त्यांच्या फडाला वैभव देणाऱ्या, महार समाजातल्या पवळाबाई हिवरगावकरांचे किती जण नाव घेतात? तमाशाच्या बोर्डावर, आंबेडकरी जलशात आपल्या किती आयाबहिणी उभ्या राहिल्या, त्यांची नोंद कुठे आहे? वस्त्यावस्त्यांत म्हाताऱ्या माणसांच्या स्मरणात ती नावे अजून जिवंत आहेत. आपल्या विहारांतून, वाचनालयांतून, महिला मंडळांतून ती आजच लिहून घेतली पाहिजेत. रोझीची झोपडी त्यांनी जाळली. आपल्या कलावंतांची नावे आपल्याच हलगर्जीपणाने जळून जाणार असतील, तर दोष कुणाला द्यायचा?