कथा ज्याची, निर्मिती त्याची

चित्रपट पाहून घरी परतताना आपण नटनट्यांविषयी बोलतो, गाणी गुणगुणतो. पटकथा कोणी लिहिली, हे सहसा कुणी विचारत नाही. निर्माता म्हणजे पैसे घालणारा शेठ, एवढीच आपली समजूत असते. पण ही दोन्ही कामे एकाच माणसाने केली तर काय घडते? आचार्य प्र. के. अत्रे यांची चित्रपटातली वाटचाल हे त्याचे मोठे बोलके उदाहरण आहे.

अत्रे मूळचे शिक्षक. नाटकांनी त्यांना नाव दिले आणि तिथून ते चित्रपटाकडे वळले. ‘धर्मवीर’ (१९३७), ‘ब्रह्मचारी’ (१९३८) आणि ‘ब्रँडीची बाटली’ (१९३९) या हंस पिक्चर्सच्या बोलपटांच्या कथा त्यांच्या. दिग्दर्शक होते मास्टर विनायक. हे चित्रपट लोकांनी डोक्यावर घेतले. पण या धंद्याची रीत अशी की, लेखकाने कागद हातावेगळे केले की त्याचा अधिकार संपतो. कोणता प्रसंग ठेवायचा आणि कोणता कापायचा, हे पैसा लावणारा ठरवतो. अत्र्यांनी यावर सरळ उपाय केला. त्यांनी स्वतःची संस्था काढली आणि १९४१ साली ‘पायाची दासी’ पडद्यावर आणला.

या स्वातंत्र्याचे खरे मोल कळले ते महायुद्धानंतर. मराठी चित्रपटाचा तो पडता काळ होता. प्रभातचे वैभव ओसरले होते. १९४८च्या जाळपोळीत कोल्हापूरच्या चित्रपटसृष्टीला मोठी झळ बसली होती. १९४७च्या ‘रामजोशी’ आणि ‘जय मल्हार’ या चित्रपटांच्या यशामुळे लावणीचा आणि ग्रामीण बाजाचा चित्रपट चालतो, हे धंद्याने हेरले होते. अशा वेळी अत्र्यांनी निवडली साने गुरुजींची ‘श्यामची आई’!

हे पुस्तक पटकथेसाठी अवघड. बेचाळीस रात्री सांगितलेल्या आठवणी. त्यात ना खलनायक, ना प्रेमप्रकरण. पण कर्जात बुडत चाललेले घर आणि खंगत चाललेली आई हा धागा त्या आठवणींमधून सलग जातो. त्याच धाग्यात छोटे छोटे प्रसंग ओवता येतात. अंघोळीनंतर तळव्यांना माती लागू नये म्हणून आई पदर पसरते, एवढासा तो प्रसंग. एखाद्या हिशेबी निर्मात्याने तो ‘यात घडते काय?’ म्हणून सहज कापला असता. इथे लिहिणारा, दिग्दर्शन करणारा आणि पैसा उभा करणारा माणूस एकच होता. आईच्या भूमिकेसाठी त्यांनी घेतले वनमालाबाईंना. ‘सिकंदर’ची ही देखणी नायिका कोकणातली गरीब आई झाली. माधव वझे श्याम झाले. १९५३ साली चित्रपट आला आणि राष्ट्रीय पुरस्कारांच्या पहिल्याच वर्षी त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे राष्ट्रपती सुवर्णपदक मिळाले. बिमल रॉय यांचा ‘दो बिघा जमीन’ त्याच वर्षीचा, हे ध्यानात घेतले म्हणजे या मानाची किंमत कळते.

त्यानंतर कुणीही आणखी एक ‘आई’ काढली असती. अत्र्यांनी १९५४ साली ‘महात्मा फुले’ काढला. समाजाने ज्यांना शेणगोळे मारले, त्यांना नायक करायचे हे धाडस होते. बाबूराव पेंढारकर जोतिराव झाले आणि सुलोचनाबाई सावित्रीबाई. बाबासाहेब आंबेडकरांनी या चित्रपटाला शुभेच्छा दिल्या, तर गाडगे महाराज त्यात प्रत्यक्ष दिसतात. मराठीतला उत्कृष्ट चित्रपट म्हणून यालाही राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले.

मी उस्मानपुऱ्यात राहतो. हे दोन चित्रपट आले तेव्हा आमचे औरंगाबाद हैदराबाद राज्यात होते. मराठवाडा मुंबई राज्यात आला तो १९५६ साली, आणि त्याच वर्षी अत्र्यांनी ‘मराठा’ दैनिक सुरू केले. त्यांची लेखणी संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात उतरली. चळवळीला एक सेनापती मिळाला खरा, पण पटकथेने आपला धनी गमावला.

२०२३ साली ‘श्यामची आई’ नव्याने पडद्यावर आली. गोष्ट जुनी होत नाही, हेच त्यातून दिसले. मात्र अशी गोष्ट पहिल्यांदा पडद्यावर आणताना ‘हे कोण पाहणार?’ या प्रश्नाला कुणीतरी उत्तर द्यावे लागते. अत्र्यांनी ते स्वतःचा पैसा आणि स्वतःचे नाव पणाला लावून दिले. लेखकाला मान द्या, असे आपण नेहमी म्हणतो. त्या मानाबरोबर त्याला निर्णयाचा अधिकारही मिळाला तर काय उभे राहते, हे या दोन चित्रपटांनी दाखवून दिले आहे.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)