पोर्तुगीजांच्या दफ्तरात मराठ्यांचा इतिहास कुणी शोधला?

१६८३ साली संभाजी महाराजांच्या सैन्याने गोव्याच्या राजधानीजवळचं जुवे बेट घेतलं. पोर्तुगीज सत्ता हादरली. व्हाइसरॉयने सेंट फ्रान्सिस झेवियरच्या शवपेटीपाशी जाऊन आपला राजदंड ठेवला आणि संरक्षणासाठी प्रार्थना केली. तेव्हाचे पोर्तुगीज अधिकारी काय विचार करत होते, हे आज आपल्याला बरंचसं कळतं. त्याचं मोठं श्रेय पांडुरंग सखाराम पिसुर्लेकर यांना जातं.

कोण होते पिसुर्लेकर?

त्यांचा जन्म १८९४ साली गोव्यातल्या पिसुर्ले गावचा. सुरुवातीला ते शिक्षक होते. पुढे १९६१ पर्यंत, जवळपास तीन दशकं, त्यांनी गोव्याचं सरकारी दफ्तर सांभाळलं. हे दफ्तर १५९५ मध्ये सुरू झालं. इतिहासकार दियोगो दो कोतो हे त्याचे पहिले प्रमुख.

दफ्तरात काय होतं?

लिस्बन आणि गोवा यांच्यातली जहाजं मोसमी वाऱ्यांच्या वेळापत्रकाने चालत. त्यामुळे तिथल्या पत्रव्यवहाराच्या खंडांना ‘मान्सूनचे ग्रंथ’ असंच नाव पडलं. शेजारच्या राजांना पाठवलेल्या पत्रांच्या वह्या वेगळ्या होत्या. व्हाइसरॉयच्या सल्लागार मंडळाचे ठरावही नोंदलेले होते. त्यातले १६१८ ते १७५० या काळातले ठराव पिसुर्लेकरांनी १९५३ ते १९५७ दरम्यान पाच खंडांत छापले.

हे महत्त्वाचं का?

शेजाऱ्याला पाठवायच्या पत्रात प्रत्येक सत्ता आपला रुबाब राखते. लढायचं की तह करायचा, पैसा आणि माणसं पुरतील का, ही चर्चा मात्र आतल्या बैठकीत होते. पोर्तुगीज सत्तेची ही आतली बाजू त्या ठरावांमुळे अभ्यासकांसमोर आली.

१९५२ साली त्यांनी पोर्तुगीजांच्या वकिलांवर आणि दुभाष्यांवर ग्रंथ लिहिला. त्यात हिंदू, मुसलमान, ज्यू आणि पारशी अशी सगळी माणसं आहेत. गोव्यात १५६० पासून इन्क्विझिशन होतं आणि हिंदूंच्या धर्माचरणावर कडक बंधनं होती. तरीही मराठ्यांशी बोलणी करायला त्याच सरकारला शेणवी वकिलांची गरज पडत होती. दरबाराच्या चालीरीती आणि भाषा जाणणाऱ्या स्थानिक माणसांशिवाय, निव्वळ तोफा आणि जहाजांच्या बळावर हा कारभार चालणं शक्य नव्हतं.

या कागदांची मर्यादा काय?

हे कागद राज्यकर्त्यांनी लिहिलेले आहेत. सामान्य रयत त्यात दिसते ती बहुतेकदा कर, तक्रार किंवा शिक्षेच्या निमित्ताने. म्हणून ते मराठी आणि फारसी कागदांशी ताडून पाहावे लागतात.

पिसुर्लेकरांचा ‘पोर्तुगेज-मराठे संबंध’ हा मराठी ग्रंथ पुणे विद्यापीठाने १९६७ मध्ये प्रसिद्ध केला. दोन वर्षांनी त्यांचं निधन झालं. ते दफ्तर आज पणजीत आहे. या ग्रंथामुळे त्यातला मोठा ऐवज पोर्तुगीज न येणाऱ्या मराठी वाचकालाही वाचता येतो.