अंगठा झिजला नव्हता, मशीन झोपलं होतं

मोहने गावातून आम्ही बोलतोय. आज कॉम्प्युटरला जोडलेल्या वस्तूंना वीज कशी मिळते आणि ती सॉफ्टवेअरमधून कशी चालू-बंद होते, हे सांगणार आहोत. विषय रुक्ष वाटेल, पण आमच्यासाठी तो एका आजींच्या अंगठ्यापासून सुरू झाला.

आमच्या गटातली एक ताई बँक सखीचं काम करते. टेबलावर लॅपटॉप, त्याला वायरीने जोडलेलं अंगठ्याचं मशीन आणि पावतीचा छोटा प्रिंटर. निराधार योजनेचे, श्रावणबाळ योजनेचे पैसे जमा झाले की म्हातारी माणसं तिच्याकडे येतात. एकदा दुपारी गर्दी ओसरली होती. पाऊण तासाने एक आजी आल्या. त्यांनी अंगठा ठेवला, पण काहीच झालं नाही. पुसून ठेवला, हात धुऊन ठेवला, दुसऱ्या हाताचा ठेवला. ताई म्हणाली, "आजी, भांडी घासून घासून तुमचा अंगठा झिजलाय. उमटत नाही." आजी रिकाम्या हाताने परत गेल्या. येण्याजाण्याच्या रिक्षाचे पैसे गेले ते वेगळेच.

दुसऱ्या दिवशी त्या पुन्हा आल्या. त्याआधीच ताईने लॅपटॉप नव्याने सुरू केला होता. तोच अंगठा पहिल्या फटक्यात उमटला. पैसे मोजून घेताना आजींनी विचारलं, "मग काल मीच चुकले होते का गं?"

त्या प्रश्नाने आम्हा सगळ्यांनाच टोचलं. आदल्या दिवशी पडद्यावर काय लिहून आलं होतं, ते ताईने आठवून सांगितलं. बोट जुळत नाही असं तिथे नव्हतंच. 'डिव्हाइस सापडत नाही' असं होतं. म्हणजे आजींचा अंगठा मशीनने पाहिलाच नव्हता. मशीन झोपलेलं होतं, आणि त्याला झोपवलं होतं लॅपटॉपने.

हे कसं होतं ते बघू. मशीनची वायर लॅपटॉपच्या ज्या चपट्या खाचेत जाते, तिला यूएसबी पोर्ट म्हणतात. ही पद्धत १९९६ साली आली. ती तयार करणाऱ्या इंटेल कंपनीच्या गटाचे प्रमुख अजय भट्ट हे बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात शिकलेले. त्याआधी माऊसला एक खाच, प्रिंटरला दुसरी, असा पसारा असायचा. यूएसबीने एकाच वायरीतून दोन कामं होऊ लागली, बोलणं आणि वीज देणं. साध्या यूएसबी वायरीत चार तारा असतात. दोन तारांतून वीज जाते, दोन तारांतून निरोपांची देवाणघेवाण होते.

वीज असते ५ व्होल्टची. वस्तू जोडली की ती आधी स्वतःची ओळख सांगते आणि मला इतकी वीज लागेल अशी मागणी करते. जुन्या पद्धतीच्या पोर्टमधून, म्हणजे यूएसबी २ मधून, जास्तीत जास्त ५०० मिलिॲम्पिअर मागता येतात. ५ व्होल्ट गुणिले अर्धा ॲम्पिअर म्हणजे अडीच वॅट. यूएसबी ३ च्या पोर्टमधून ९०० मिलिॲम्पिअरपर्यंत मिळतात.

आता लॅपटॉपला बॅटरी वाचवायची असते. एखादी वस्तू काही वेळ रिकामी बसली की तो तिला निरोप पाठवतो, "तू आता झोप." वस्तू झोपते आणि नावापुरती वीज घेते. नियम असा की झोपेत अडीच मिलिॲम्पिअरपेक्षा जास्त घेऊ नये, म्हणजे ५०० चा दोनशेवा भाग. काम निघालं की लॅपटॉप हाक मारतो आणि वस्तूने जागं व्हायचं. विंडोजमध्ये याला 'सिलेक्टिव्ह सस्पेंड' म्हणतात. सोय चांगली आहे. पण काही मशीनं, किंवा त्यांचं लॅपटॉपमधलं सॉफ्टवेअर, हाकेला नीट ओ देत नाहीत. मग पडद्यावर येतं 'डिव्हाइस सापडत नाही', आणि दोष जातो समोर बसलेल्या बाईच्या अंगठ्यावर.

म्हणून पहिली गोष्ट, पडद्यावरचा निरोप वाचायचा. 'डिव्हाइस सापडत नाही' किंवा 'तयार नाही' असं आलं, तर आधी मशीन, वायर आणि तिची वीज तपासायची. बोट जुळलं नाही असं आलं, तर काच पुसायची, कोरडं बोट किंचित ओलसर करायचं, दुसरं बोट लावून पाहायचं. सर्व्हरचा किंवा वेळ संपल्याचा निरोप आला, तर अडचण नेटची किंवा बँकेच्या बाजूची असू शकते. अशा वेळी लगेच पुन्हा अंगठा घेऊ नये. आधी खात्यातली शिल्लक बघावी, कारण पैसे वजा झालेले असू शकतात. पावती मात्र दर वेळी मागून घ्या.

दुसरी गोष्ट, लॅपटॉपला सांगायचं की या मशीनला झोपवू नकोस. विंडोजमध्ये 'डिव्हाइस मॅनेजर' उघडा. त्यात 'युनिव्हर्सल सिरियल बस कंट्रोलर्स' नावाची ओळ असते. तिच्याखाली 'यूएसबी रूट हब' दिसेल. कधी एक असतो, कधी दोन-तीन. त्यावर माऊसचं उजवं बटण दाबून 'प्रॉपर्टीज'मध्ये जा, मग 'पॉवर मॅनेजमेंट'मध्ये. तिथे 'अलाऊ द कॉम्प्युटर टू टर्न ऑफ धिस डिव्हाइस टू सेव्ह पॉवर' असं एक वाक्य असतं आणि त्यापुढे बरोबरची खूण. वीज वाचवण्यासाठी ही वस्तू बंद करायला कॉम्प्युटरला परवानगी आहे, असा त्याचा अर्थ. ती खूण काढा आणि 'ओके' करा. अंगठ्याच्या मशीनच्या स्वतःच्या नावाखालीही असंच पान असेल, तर तिथलीही खूण काढा.

आणखी एक जागा आहे. 'पॉवर ऑप्शन्स'मधल्या 'ॲडव्हान्स्ड' सेटिंगमध्ये 'यूएसबी सेटिंग्ज' असतं. त्यात 'सिलेक्टिव्ह सस्पेंड' 'डिसेबल्ड' करायचं, बॅटरीवर असतानाचं वेगळं आणि विजेवर असतानाचं वेगळं. काही नव्या लॅपटॉपवर हा पर्याय दिसत नाही. दिसला नाही तर घाबरू नका, वरची खूण काढणं पुरतं का ते बघा. आमच्या ताईचं काम तेवढ्यानेच भागलं.

ताई पूर्वी काय करायची? मशीन अडलं की वायर उपटायची आणि पुन्हा खोचायची. त्याने काम व्हायचं, कारण वीज खरोखर तुटायची आणि मशीन नव्याने सुरू व्हायचं. पण दिवसातून दहा वेळा असं केलं की खाच सैल होते. त्याऐवजी 'डिव्हाइस मॅनेजर'मध्ये मशीनच्या नावावर उजवं बटण दाबून 'डिसेबल' आणि मग 'एनेबल' करून पाहा. पुष्कळदा तेवढ्याने मशीन शुद्धीवर येतं.

पुष्कळदा म्हटलं, नेहमी नाही. त्याचं कारण नीट समजून घ्या. सॉफ्टवेअरमधून 'बंद' म्हटलं, तरी तारेतली वीज बहुतेक वेळा तशीच असते. हे आपल्या चाळीतल्या पाण्यासारखं आहे. नळाला पाणी आलंय आणि तुम्ही शेजारणीला म्हणालात, "थांब गं जरा, भरू नकोस." तिने ऐकलं तर तिची कळशी भरायची थांबेल, पण पाइपात पाणी आहेच. पाणी खरंच बंद करायचं, तर चावीवाल्याने व्हॉल्व्ह फिरवायला हवा. झोपायचा निरोप म्हणजे शेजारणीला केलेली विनंती. पोर्टची वीज तोडणं म्हणजे व्हॉल्व्ह बंद करणं.

हे तुम्हाला घरीच तपासता येईल. वीज गेली की आपण लॅपटॉपला लावतो तो छोटा एलईडी दिवा किंवा पंखा घ्या. या वस्तू चारपैकी फक्त विजेच्या दोन तारा वापरतात. निरोपाच्या तारा त्यांना नसतातच, म्हणून लॅपटॉपला त्या जोडल्याचंही कळत नाही. 'डिव्हाइस मॅनेजर'मध्ये त्यांचं नावही येत नाही. कानच नाहीत, तर "झोप" कोणाला सांगणार? फक्त चार्जिंगची म्हणून मिळणारी स्वस्त वायरही अशीच असते. तिने फोन चार्ज होतो, पण फोनमधले फोटो लॅपटॉपवर येत नाहीत.

मग सॉफ्टवेअरने व्हॉल्व्ह बंद करता येतच नाही का? येतो, पण तशी चावी पोर्टमध्ये बसवलेली असेल तरच. एका पोर्टचे चार पोर्ट करणारी जी डबी मिळते, तिला हब म्हणतात. काही हबमध्ये प्रत्येक पोर्टला वेगळी चावी असते. काहींत सगळ्या पोर्टना मिळून एकच, म्हणजे एकाच व्हॉल्व्हवर अख्खी चाळ. आणि बाजारातल्या बऱ्याच स्वस्त हबमध्ये चावी नसतेच. वेगळी चावी असलेला हब असेल, तर 'यूएचयूबीसीटीएल' नावाचं मोफत सॉफ्टवेअर आहे. ते मुख्यतः लिनक्सवर वापरतात. घरात कॉम्प्युटर शिकणारी लेक असेल तर तिला हे नाव सांगा. बाकीच्यांनी दिव्यासाठी बटण असलेला हब घ्यावा. बटण हाताने दाबलं की काम झालं.

हबबद्दल एक सावधगिरी. ज्या यूएसबी २ हबला स्वतःचा वेगळा प्लग नसतो, तो लॅपटॉपच्या ५०० मिलिॲम्पिअरमधूनच सगळ्यांना वाटतो. नियमाने एकेका पोर्टच्या वाट्याला १०० येतात. अशा हबवर अंगठ्याचं मशीन, नेटचं डोंगल आणि पंखा एकत्र लावले, तर कोणी ना कोणी उपाशी राहणार. अंगठ्याचं मशीन थेट लॅपटॉपलाच लावा.

आणि बॅटरीचा हिशोबही करा. समजा, बॅटरी ४० वॅट-तासांची आहे आणि लॅपटॉपला १० वॅट लागतात. मग तो ४ तास चालेल. त्याला अडीच वॅटचा पंखा लावला, तर ३ तास १२ मिनिटं. ४८ मिनिटं पंख्यात गेली. वीज गेलेली असताना रांग उभी असेल, तर तेवढ्या वेळात बऱ्याच जणींचं काम होईल. मशीनची झोप बंद केली की थोडी बॅटरी जास्त जाते, हे खरं. ती परवडते. पंखा काढून ठेवा.

पुढच्या बैठकीत गटाचा लॅपटॉप मध्ये ठेवा आणि ती खूण सगळ्या जणी मिळून शोधा. एकीलाच येऊन उपयोग नाही, कारण ती माहेरी गेली की काम अडतं. वहीत लिहून ठेवा, कोणत्या निरोपाला काय करायचं ते. आमच्या ताईने तो कागद टेबलाच्या काचेखाली लावलाय.

त्या आजी आता दर महिन्याला येतात. ताईने त्यांना सगळं समजावून सांगितलं, माफीही मागितली. परवा रांगेत दुसऱ्या एका बाईंचा अंगठा उमटेना, तर आजीच म्हणाल्या, "आधी मशीन जागं आहे का बघ गं."