वेधशाळा : पुण्यापासून औंढ्यापर्यंत

वाशीम जिल्ह्यातील मेडशीहून मालेगाव, वाशीम करत हिंगोली गाठायची आणि पुढे औंढा नागनाथ. नागनाथाच्या दर्शनाला जाणाऱ्यांच्या ओळखीची ही वाट. त्याच औंढ्याच्या परिसरात ‘लायगो-इंडिया’ ही गुरुत्वीय लहरींची (अवकाश-काळातील सूक्ष्म कंपनांची) वेधशाळा उभी राहणार आहे. तिचे मोल समजायचे तर आधीच्या वेधशाळांनी काय दिले, ते पाहायला हवे.

दुर्बिणीविना

खगोलशास्त्रज्ञ टायको ब्राहेने १५७६ पासून तेव्हाच्या डेन्मार्कमधील ह्वेन बेटावर मोठ्या कोनमापक यंत्रांनी, दुर्बिणीविना ग्रहांचे वेध घेतले. त्याच्या मंगळाच्या नोंदींवरूनच केप्लरला ग्रहकक्षा लंबवर्तुळाकार असल्याचे उमगले. यंत्र मोठे केले की अंशाचे बारीक भाग वाचता येतात. सवाई जयसिंगाने जयपूर, उज्जैनला प्रचंड यंत्रे बांधली ती याचसाठी.

पुण्याचा प्रयत्न

एकोणिसाव्या शतकात वर्णपटावरून ताऱ्यांतील मूलद्रव्ये ओळखता येऊ लागली. याच काळात पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समध्ये कावसजी दादाभाई नायगमवाला यांनी १८८८ मध्ये महाराजा तख्तसिंगजी वेधशाळा सुरू केली. तिथे २० इंची दुर्बीण होती. २२ जानेवारी १८९८ च्या खग्रास सूर्यग्रहणाचे वेध त्यांनी सोलापूर जिल्ह्यातील जेऊरहून घेतले. १९१२ मध्ये ते निवृत्त झाले आणि वेधशाळाच बंद पडली. उपकरणे कोडाईकनालला गेली.

खोडदचे रेडिओ डोळे

डोळ्यांना न दिसणारे विश्व रेडिओ लहरींतून उलगडते. खगोलशास्त्रज्ञ गोविंद स्वरूप यांच्या नेतृत्वाखाली नारायणगावजवळ खोडद परिसरात जीएमआरटी ही महाकाय रेडिओ दुर्बीण उभी राहिली. ४५ मीटर व्यासाच्या ३० अँटेना सुमारे २५ किलोमीटरच्या पसाऱ्यात एकत्र काम करतात. टाटा मूलभूत संशोधन संस्थेचे पाठबळ असल्याने इथले काम एका माणसावर अवलंबून राहिले नाही.

औंढ्यात काय होईल?

काटकोनातल्या दोन निर्वात नळ्या, प्रत्येकी ४ किलोमीटर लांब. त्यांतून लेसर किरण आरशांवर आपटून परततात. कृष्णविवरांच्या टकरीतून आलेली गुरुत्वीय लहर या भुजांची लांबी प्रोटॉनच्या व्यासाच्या हजाराव्या भागाहूनही कमी बदलते. तो फरक परतलेल्या प्रकाशात उमटतो. अशी लहर अमेरिकेत १४ सप्टेंबर २०१५ रोजी प्रथम टिपली गेली. दूरदूरच्या वेधशाळांत ती किती वेळाच्या अंतराने पोहोचते, यावरून तिची दिशा ठरते. म्हणून भारतातील केंद्र मोलाचे. एप्रिल २०२३ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने सुमारे २,६०० कोटींच्या या प्रकल्पाला मंजुरी दिली.

पुढची जबाबदारी

पुण्याची वेधशाळा यंत्राअभावी नव्हे, वारसदाराअभावी थांबली. औंढ्याला भौतिकशास्त्रज्ञ लागतील, तसेच लेसर, निर्वात तंत्र, इलेक्ट्रॉनिक्स आणि संगणकाचे जाणकारही. वाशीम-हिंगोलीच्या शाळांनी मुलांची तयारी आजच सुरू करावी.