फोन का लागत नाही?

२६ जुलै २००५ रोजी सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला, हा आकडा पुष्कळांना पाठ असतो. त्या रात्री मुंबईत किती आईबापांच्या हातात मोबाइल होता आणि मूल कोठे आहे ते कळत नव्हते, हे मात्र आकड्यात येत नाही.

मोबाइल बिनतारी खरा, पण जवळच्या टॉवरपुरता. त्या टॉवरपाशी एका वेळी मोजक्याच संभाषणांना जागा असते. तेव्हाच्या जीएसएम पद्धतीत एका वाहक लहरीचे आठ भाग पाडीत. त्यांतलेही काही यंत्रणेच्याच कामी येत. सगळे एकदम बोलत नाहीत, या हिशेबावर हा संसार चालतो. त्यात वीज गेली की टॉवर बॅटरीवर येतो, आणि बॅटरी म्हणजे काही तासांची सोबत. (घरचा जुना तारेचा फोन एक्स्चेंजमधूनच ४८ व्होल्ट घेई. घरात अंधार असला तरी तो जिवंत राही. अर्थात एक्स्चेंजात पाणी शिरले नसेल तर!)

‘संपर्कक्षेत्राबाहेर’ हा शब्द ऐकून आईचे काळीज हलते. वस्तुतः तो मुलाविषयी काहीच सांगत नसतो. त्याच्या फोनची टॉवरशी गाठ पडली नाही, एवढेच. पुन्हा पुन्हा नंबर फिरवल्याने गर्दी वाढते. पण हे त्या माउलीला कोणत्या तोंडाने सांगावे? त्यापेक्षा दोन ओळींचा एसेमेस पाठवावा. तो संभाषणाची जागा न अडवता संकेतांच्या वाटेने जातो, आणि पलीकडचा फोन बंद असला तर केंद्रात काही काळ थांबून, तो सुरू होताच पोचतो.