नाताळचे झाड आणि घरचे मांजर

सन १९५४ च्या ऑगस्टमध्ये सिल्वासा पोर्तुगीजांच्या अमलातून मुक्त झाले. परंतु त्यांच्या काळात येथे रुजलेला नाताळचा सण येथेच राहिला. मसाटला कारखान्यांच्या निमित्ताने अनेक प्रांतांची माणसे शेजारी शेजारी नांदतात, म्हणून एका घरी सजलेले झाड साऱ्या आळीच्या मुलांचे होऊन जाते. आमच्या घरी गोव्याकडील चालीप्रमाणे ओल्या वाळूच्या डब्यात सुरूची फांदी रोवतात. ती रोवली जात असता सर्वांत आधी जवळ येऊन बसते ते मांजर.

यात मांजराचा दोष नाही. त्याच्या नख्या वाकड्या व अणकुचीदार असतात. झाड दिसले की चढावे, हा त्याचा जन्मजात स्वभाव. त्याच्या डोळ्यांस रंगांपेक्षा हालचाल अधिक चटकन जाणवते. वाऱ्याच्या झुळकीने हलणारी चकचकीत बेगडाची पट्टी म्हणजे त्याच्या लेखी पळू पाहणारे भक्ष्यच!

झाड कोसळेल, काचेचे गोळे फुटतील, एवढीच भीती आपण बाळगतो. खरा घात त्या बेगडाच्या पट्टीत, जरीच्या दोऱ्यात आणि भेटवस्तूंच्या फितीत असतो. मांजराच्या जिभेवर घशाच्या दिशेने वळलेले बारीक काटे असतात. त्यामुळे एकदा जिभेवर आलेला दोरा त्याला सहसा थुंकता येत नाही. तो आतच जातो. पुष्कळदा दोऱ्याचे एक टोक जिभेखाली किंवा जठराच्या तोंडाशी अडकते आणि उरलेला दोरा आतड्यात उतरतो. आतडे तो पुढे ढकलू पाहते आणि स्वतःच त्यावर गोळा होत जाते. पायजम्याची नाडी ओढली असता नेफ्याला चुण्या पडतात ना, अगदी तसे. ताणलेला दोरा मग आतड्याची भिंत करवतीसारखा कापू लागतो.

आमची एक मांजरी अशीच गेली. ती ओकू लागली, जेवेनाशी झाली; आम्ही समजलो, उंदीर बाधला असेल. तीन दिवसांनी तिच्या जिभेखाली सोनेरी दोरा दिसला, आणि आम्ही तो ओढला. ओढावयाचा नसतो, हे आम्हांस ठाऊक नव्हते. दोरा तोंडात दिसो की गुदद्वाराशी, त्यास हात न लावता मांजर तत्काळ जनावरांच्या डॉक्टरांकडे न्यावे; वेळीच शस्त्रक्रिया झाल्यास ते वाचू शकते.

म्हणून मांजराच्या घरी झाडाला बेगड व जरी लावूच नये. कागदाचे तारे, कापडाच्या चिमण्या, करवंटीचे तुकडे यांनी झाड काही कमी शोभत नाही. आमच्या मते अधिकच शोभते. काचेचे गोळे हवेच असतील तर ते वरच्या फांद्यांवर घट्ट बांधावे. डबा रुंद व जड घ्यावा, झाडाचा शेंडा खिडकीच्या गजाला बांधावा, आणि जवळ कपाट वा खुर्ची ठेवू नये, कारण मांजर उडी तेथूनच मारते. सजावटीपूर्वी दोन-चार दिवस झाड नुसतेच उभे ठेवल्यास त्याचे नवल थोडे ओसरते.

दिव्यांच्या तारा भिंतीलगत नेऊन नळीत घालाव्या व निजताना खटका बंद करावा. मांजराने तार चावलीच, तर आधी वीज तोडावी, मगच मांजरास स्पर्श करावा. मेणबत्ती झाडाजवळ नकोच.

फुलदाणीतील खऱ्या लिलीविषयी मात्र अतिशय सावध असावे. तिचे पराग अंगावर पडले आणि मांजराने अंग चाटले, एवढ्यानेही त्याची मूत्रपिंडे निकामी होऊ शकतात. पॉइन्सेटियाच्या लाल पानांची फार धास्ती घेतली जाते. पण त्याने बहुधा तोंडाची आग व ओकारी यापलीकडे काही होत नाही. चॉकलेट व बेदाण्यांचा केक झाकून ठेवावा. आणि हो, गणपतीच्या मखराची जरी व राखीचा रेशमी दोरा मांजरास तितकाच घातक.

६ जानेवारीला, तीन राजांच्या सणाला, आमच्याकडे झाड उतरवितात. त्या संध्याकाळी मुलांनी कोपऱ्यातील, खाटेखालील प्रत्येक दोरा वेचून झाकणाच्या डब्यात टाकावयाचा, असा आमच्या घरचा नियम आहे.